इंडोनेशिया आणि ऑनलाइन व्हिडिओ: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंडोनेशिया म्हटलं की आपल्याकडे बाली, बोरोबुदुर आणि 'नोटेवरचा गणपती' एवढ्यावर गप्पा थांबतात (ती 20,000 रुपियाची नोट चलनातून जाऊन बरीच वर्षं झाली). 28 कोटी लोकांचा हा देश रात्री जेवणं आटोपल्यावर काय बघतो, कुठल्या गाण्यावर रडतो, कुणाच्या बोलण्यावर पोट धरून हसतो, हे फारसं कुणी विचारत नाही. ज्यांनी विचारलं त्यांचे प्रश्न आणि माझ्या परीने दिलेली उत्तरं इथे एकत्र केली आहेत.

इंडोनेशियात ऑनलाइन व्हिडिओ एवढा का फोफावला?

स्वस्त फोन, तरुण लोकसंख्या, 2015 च्या सुमारास आलेलं 4जी ही कारणं सगळेच सांगतात आणि ती खरीच आहेत. घरात संगणक कधीच नव्हता अशा कोट्यवधी लोकांच्या हातात थेट फोन आला. त्याआधी 'वारनेत' होते. 'वारुंग' म्हणजे टपरी किंवा छोटी खाणावळ, तिला इंटरनेट जोडून झालेला हा शब्द, म्हणजे आपला सायबर कॅफे. फोनवर डेटाचे छोटे छोटे पॅक टपरीवर मिळू लागले. त्याला तिथे 'कुओता' म्हणतात. रात्रीचा कुओता वेगळा आणि स्वस्त, म्हणून मध्यरात्रीनंतर व्हिडिओ बघत जागणारी पोरं घरोघरी.

पण माझ्या मते खरं कारण वेगळं आहे. 17,000 च्या वर बेटं, शेकडो भाषा असलेल्या या देशात टीव्ही म्हणजे जकार्ता होता. वाहिन्या तिथल्या, स्टुडिओ तिथले, जाहिरातदार तिथले, मालिकेतला बंगला आणि बोलीही तिथलीच. जावा बेटाच्या आतल्या भागातला माणूस पडद्यावर यायचा तो मोलकरीण, ड्रायव्हर किंवा जाड हेल काढून बोलणारा गावंढळ म्हणून. त्या माणसाला ऑनलाइन व्हिडिओने पहिल्यांदा स्वतःच्या बोलीतला पडदा दिला.

त्याआधी लोक काय बघत होते?

1962 मध्ये जकार्ताला आशियाई क्रीडा स्पर्धा झाल्या. त्यांच्या निमित्ताने टीव्हीआरआय ही सरकारी वाहिनी सुरू झाली. पुढची 27 वर्षं दुसरी वाहिनीच नव्हती. 1989 मध्ये आरसीटीआय ही पहिली खाजगी वाहिनी आली, मग एससीटीव्ही, इंदोसियार वगैरे. या वाहिन्यांचं मुख्य पीक म्हणजे 'सिनेत्रॉन'. 'सिनेमा' आणि 'इलेक्ट्रॉनिक' मिळून झालेला हा शब्द, अर्थ आपल्याकडची दैनंदिन मालिका. सासू, सून, अपघात, स्मृतिभ्रंश, हॉस्पिटल, अदलाबदल झालेली बाळं असा सगळा संसार. 'तुकांग बुबुर नाइक हाजी' या मालिकेचे तर 2,000 च्या वर भाग झाले. आज चित्रीकरण, आजच प्रक्षेपण, याला तिथे 'केजार तायांग' म्हणतात. 'केजार' म्हणजे पाठलाग, 'तायांग' म्हणजे प्रक्षेपण. या पाठलागात लेखकाला विचार करायला वेळ उरत नसे, आणि तरुण प्रेक्षक पहिला तिथून उठला.

म्हणजे बदल यूट्यूबपासून सुरू झाला?

नाही, आणि ही गोष्ट बहुतेकांच्या नजरेतून सुटते. सुरुवात व्हीसीडीपासून झाली.

पूर्व जावात लग्न, सुंता, पीक निघाल्यानंतरचा उत्सव, काहीही असो, अंगणात मांडव पडतो आणि 'ओर्केस मेलायू' म्हणजे गाण्याबजावण्याचा संच येतो. त्या कार्यक्रमांचं कुणीतरी चित्रीकरण करायचं आणि त्याच्या व्हीसीडी बाजारात रस्त्याकडेला विकल्या जायच्या, बऱ्याच वेळा कुणाच्याही परवानगीशिवाय. पासुरुआन भागातली इनुल दारातिस्ता अशीच देशभर पोहोचली. तिचं गिरमिटासारखं गरगर फिरणारं नृत्य, 'ङेबोर', लोकांनी टीव्हीवर दिसण्याआधी चोरट्या व्हीसीडींवर पाहिलं होतं. 2003 मध्ये ती टीव्हीवर आली तेव्हा धर्मगुरूंनी निषेध केला, डांगडुट या तिथल्या लोकप्रिय संगीताचा बादशहा समजला जाणारा रोमा इरामा याने तिला जाहीरपणे सुनावलं. तरी ती टिकली. तिला वर आणणारं कुणी जकार्तातलं नव्हतंच, त्यामुळे खाली ओढायला जकार्ताच्या हातात फारसं काही नव्हतं.

पुढे यूट्यूबवर जे घडलं त्याचा सगळा आराखडा इथे दिसतो: गावातला मांडव, हातातला कॅमेरा, फुकट प्रसार आणि शेवटी नाइलाजाने दार उघडणारा टीव्ही.

डांगडुट म्हणजे नेमकं काय?

मलय सूर, अरबी वळणं आणि हिंदी चित्रपटसंगीत यांच्या मिश्रणातून वाढलेलं तिथलं सर्वात लोकप्रिय संगीत. तबल्यासारख्या तालवाद्यावर उमटणारे 'डांग' आणि 'डुट' हे बोल, त्यावरून नाव पडलं. त्याचा पूर्व जावातला जलद अवतार म्हणजे 'कोप्लो'. पहिल्यांदा ऐकताना आपल्या कानांना तो अजिबात परका वाटत नाही.

यूट्यूबमुळे पहिल्यांदा प्रसिद्ध झालेले लोक कोण?

2010 मध्ये बांडुंगच्या दोन तरुणींनी 'केओंग राचुन' या डांगडुट गाण्यावर ओठ हलवत, हावभाव करत एक साधा व्हिडिओ टाकला. खोली, कॅमेरा आणि दोघी, एवढंच. देशभर धुमाकूळ झाला, वाहिन्यांनी बोलावलं, जाहिराती मिळाल्या.

दुसरं उदाहरण आपल्याला जवळचं आहे. 2011 मध्ये सुलावेसी बेटावरच्या गोरोंतालोतला नोर्मान कामारू हा पोलीस शिपाई गणवेशात बसून 'छैया छैया'वर ओठ हलवत नाचला. ड्युटीवर असताना, मोबाइलवर केलेलं चित्रीकरण. वरिष्ठांनी कारवाईची भाषा केली, लोक त्याच्या बाजूने उभे राहिले आणि शिक्षेऐवजी त्याला देशभर मंचावर बोलावणी आली. पुढे त्याची पोलिसातली नोकरी गेली आणि गायक म्हणून मिळालेलं यशही ओसरलं. एका रात्रीत मिळणारी प्रसिद्धी किती दिवस पुरते, हा प्रश्न तिथे तेव्हापासून विचारला जातोय.

दिदी केम्पोतबद्दल इतकं का बोललं जातं?

कारण त्यांच्याइतकी सुंदर गोष्ट या सगळ्या इतिहासात दुसरी नाही.

गायक दिदी केम्पोत मध्य जावातल्या सोलो शहराचे. तरुणपणी रस्त्यावर गाऊन पोट भरायचे. 'केम्पोत' हे नावच 'फुटपाथवरच्या गायकांचा गट' या अर्थाच्या शब्दांचं संक्षिप्त रूप. जावानीज भाषेत विरहाची गाणी लिहायची आणि गायची, हे त्यांनी आयुष्यभर केलं. सोलोच्या बालापान रेल्वे स्थानकावर निरोप देऊन गेलेली आणि परत न आलेली प्रेयसी, हे त्यांचं सर्वात गाजलेलं गाणं. जावानीज वस्ती असलेल्या दूरच्या सुरिनाममध्येही ते लाडके होते. पण जकार्ताच्या लेखी ते मध्यमवयीन लोकांचे, गावाकडचे गायक.

2019 च्या मध्याला सोलोतल्या एका कार्यक्रमात विशीतली मुलं-मुली त्यांची गाणी पाठ म्हणत ढसाढसा रडताना दिसली. ते व्हिडिओ समाजमाध्यमांवर फिरले. पाठोपाठ सोलोतच खुल्या जागेत घेतलेली त्यांची एक दीर्घ मुलाखत यूट्यूबवर आली आणि चित्रच पालटलं. तरुणांनी स्वतःला 'सोबात अंब्यार' म्हणवून घेतलं. 'अंब्यार' म्हणजे चक्काचूर. काळजाचे तुकडे झालेल्यांची ही मैत्रमंडळी. जावानीज न येणारी शहरी मुलंही त्यात सामील झाली. कार्यक्रमांना स्टेडियम अपुरी पडू लागली.

एप्रिल 2020 मध्ये, साथीच्या काळात, त्यांनी घरून कार्यक्रम करून गरजूंसाठी काही अब्ज रुपिया जमवले. 5 मे 2020 रोजी ते गेले, 53 व्या वर्षी. शेवटचं जेमतेम एक वर्ष त्यांना हे प्रेम मिळालं. त्यांच्या वाटेने नंतर आलेले डेन्नी चाकनानसारखे गायक आज जावानीजमध्ये गाऊन देशभर ऐकले जातात, आणि 17 ऑगस्ट 2022 ला राष्ट्राध्यक्षांच्या प्रासादात स्वातंत्र्यदिनाला बान्युवांगीच्या एका शाळकरी मुलाने जावानीज गाणं गायलं तेव्हा मंत्री आणि सेनाधिकारी उठून नाचले. तो मुलगाही रस्त्यावर गाता गाता व्हिडिओतूनच पुढे आला होता.

गाण्याशिवाय इतर ठिकाणी प्रादेशिक भाषांना जागा मिळाली का?

हो. मालांगचा बायू स्काक यूट्यूबवर सुरुवातीपासून पूर्व जावाच्या रांगड्या बोलीत बोलत राहिला. 2018 मध्ये त्याने 'यो विस बेन' हा चित्रपट केला, बहुतांश संवाद जावानीज, खाली इंडोनेशियन उपशीर्षकं. मुख्य धारेतल्या निर्मात्यांना हे धाडस वाटत होतं; चित्रपट चालला आणि त्याचे पुढचे भागही निघाले.

आणि 'तिलिक'. वाहयू आगुंग प्रासेत्यो यांनी 2018 मध्ये केलेली ही अर्ध्या तासाची फिल्म योग्याकार्ताच्या सांस्कृतिक विभागाच्या पैशावर झाली. ऑगस्ट 2020 मध्ये ती यूट्यूबवर टाकली गेली. कथा इतकीच: गावातल्या बायका ट्रकच्या हौद्यात उभ्या राहून आजारी सरपंचबाईंना भेटायला शहरातल्या हॉस्पिटलात निघाल्यात ('तिलिक' म्हणजे आजाऱ्याला भेटायला जाणं) आणि वाटेत बू तेजो नावाची बाई गावातल्या एका मुलीच्या चारित्र्याबद्दल अखंड बोलत राहते. सिती फाउझिया यांनी ती भूमिका अशी केली आहे की ही बाई आपण कुठल्या तरी लग्नघरात पाहिलीय असं वाटतं. थोड्याच दिवसांत ती एक कोटीच्या वर वेळा पाहिली गेली. वाद झाला तो शेवटावरून. गावगप्पा फिल्म शेवटी खऱ्या ठरवते का, अफवा पसरवणाऱ्या बाईचा विजय होतो का, यावर आठवडे चर्चा चालली. लघुपटावर एवढी चर्चा घडणं ही मला त्या देशातल्या प्रेक्षकाबद्दल फार आशादायक गोष्ट वाटते.

वायांगसारख्या पारंपरिक कलांचं काय झालं?

चामड्याच्या बाहुल्यांचा सावल्यांचा खेळ, वायांग कुलित, रात्रभर चालतो. कथा बहुधा महाभारत-रामायणातल्या, पण मधोमध सेमार, गारेंग, पेत्रुक, बागोंग हे चार अस्सल जावानीज सेवक-विदूषक येतात आणि आजच्या महागाईपासून सरकारपर्यंत सगळ्यावर बोलतात. आपल्या वगातल्या सोंगाड्याचं काम ते करतात.

योग्याकार्ताचे दालांग, म्हणजे सूत्रधार, की सेनो नुग्रोहो यांनी आपले खेळ यूट्यूबवर थेट दाखवायला सुरुवात केली. त्यांचा बागोंग ऐकण्यासाठी परदेशी नोकरीला गेलेले जावानीज कामगारसुद्धा रात्र जागवायचे. साथीत मांडव बंद झाले तेव्हा त्यांनी घरूनच, मोजक्या वादकांसह, 'क्लिमेन' म्हणजे साधेसुधे खेळ सादर केले, आणि प्रेक्षक पाठवत असलेल्या पैशांतून वादकांच्या चुली पेटत्या राहिल्या. नोव्हेंबर 2020 मध्ये ते अकाली गेले. 48 वर्षांचे होते. त्यांचे खेळ मात्र रेकॉर्ड होऊन राहिले. जुन्या पिढीतल्या कित्येक दालांगांच्या वाट्याला तेवढंही आलं नाही.

यूट्यूबवरून चित्रपटात गेलेले कोण?

इथे विनोदी कलाकारांची पिढी महत्त्वाची. 2011 मध्ये जकार्तात स्टँड-अप कॉमेडीने जोर धरला, तिचे व्हिडिओ ऑनलाइन पसरले आणि त्याच वर्षी कोम्पास टीव्हीने स्पर्धा सुरू केली. ब्लॉगमधून लेखक झालेला राडित्या डिका याने 'मालाम मिंग्गू मिको' ही मालिका 2012 मध्ये थेट यूट्यूबवर आणली, मग टीव्हीने ती उचलली. त्या पहिल्या स्पर्धेचा विजेता रायन आद्रियांडी याने 2025 मध्ये 'जुम्बो' हा अ‍ॅनिमेशनपट केला. तो चित्रपटगृहात एक कोटीच्या वर लोकांनी पाहिला. स्पर्धेतलाच अर्नेस्ट प्रकासा आज दिग्दर्शक-निर्माता आहे. चार विनोदवीरांचा पॉडकास्ट 'अगाक लाएन' 2024 मध्ये त्याच नावाचा चित्रपट झाला आणि 90 लाखांहून अधिक तिकिटं विकली गेली. चार मित्रांच्या गप्पांवर लोकांनी टाकलेला हा विश्वास आहे.

एका साखर-पर्याय विकणाऱ्या कंपनीने 2017 मध्ये यूट्यूबसाठी 'सोरे' नावाची वेबसिरीज काढून दिली होती, दिग्दर्शक यांडी लाउरेन्स. भविष्यातून आलेली बायको नवऱ्याच्या सवयी सुधारते, अशी कल्पना. जाहिरात म्हणून जन्मलेली ही गोष्ट 2025 मध्ये पूर्ण चित्रपट होऊन आली आणि लोकांना आवडली.

मग टीव्हीवरचे मोठे तारे गप्प बसले?

मुळीच नाही. ते सगळे सामानासकट इकडे आले. राफी अहमद आणि नागिता स्लाविना या नवरा-बायकोने घरातलं रोजचं आयुष्य दाखवता दाखवता 'रान्स' नावाची मोठी कंपनी उभी केली, फुटबॉल संघही घेतला. जादूगार म्हणून गाजलेला देड्डी कोर्बुझिएर पॉडकास्ट करू लागला आणि मंत्री, गुन्ह्यातले आरोपी, कलाकार सगळे त्याच्यासमोर येऊन बसू लागले. मूळचा यूट्यूबवरचाच अत्ता हालिलिंतार 2019 मध्ये एक कोटी सदस्यांचा टप्पा गाठणारा आग्नेय आशियातला पहिला व्यक्तिगत यूट्यूबर ठरला. 2021 मध्ये त्याच्या लग्नाला साक्षीदार म्हणून राष्ट्राध्यक्ष जोको विडोडो हजर होते आणि टीव्हीने ते लग्न थेट दाखवलं. 2022 मध्ये देड्डीला सैन्यात मानद हुद्दा मिळाला, 2024 मध्ये राफी राष्ट्राध्यक्षांचा विशेष दूत झाला.

मला हे खुपतं. ज्या पडद्यावर फुटपाथवरचा गायक आणि ट्रकमधली बू तेजो आली, त्याच पडद्यावर आता जकार्तातले बंगले आणि महागड्या गाड्या पुन्हा सर्वात वर आहेत. सत्तेशी जवळीक असलेल्या माणसाच्या पॉडकास्टमध्ये मंत्र्याला कठीण प्रश्न कोण विचारणार?

टीव्ही संपला का?

नाही. 2020 मध्ये आलेली 'इकातान चिंता' ही मालिका साथीच्या काळात घरोघरी पाहिली जात होती. वाहिन्यांच्या मालकांनी स्वतःची अ‍ॅप काढली. एससीटीव्ही आणि इंदोसियारच्या समूहाचं 'विदियो' हे त्यातलं मोठं. फुटबॉल आणि स्वतःच्या मालिका या दोन पायांवर ते उभं आहे.

वेबसिरीजमध्ये सर्वात गाजलेली कोणती?

'लायांगान पुतुस', म्हणजे काटलेला पतंग. नवऱ्याच्या विश्वासघाताची एका बाईने फेसबुकवर लिहिलेली हकिकत 2019 मध्ये पसरली, आणि 2021 च्या शेवटी 'वीटीव्ही' या स्ट्रीमिंग अ‍ॅपवर तिची मालिका आली. निर्मिती एमडी एंटरटेनमेंटची, म्हणजे मनोज पंजाबींची. पंजाबी हे सिंधी मूळ असलेलं कुटुंब. मनोज यांचे काका राम पंजाबी यांनी सिनेत्रॉनचं युग घडवलं. इंडोनेशियन घरांमधली सासू-सून आपल्याला ओळखीची वाटते, त्याला हेही एक कारण आहे.

टिकटॉक तिथे अजून चालतो?

चालतो, आणि जगातल्या त्याच्या सर्वात मोठ्या बाजारपेठांपैकी एक तो देश आहे. भारताने जून 2020 मध्ये बंदी घातली तेव्हा आपल्या खेड्यापाड्यांतले कलाकार एका रात्रीत बेघर झाले. तिथे ती वाट चालू राहिली. तिथे लाइव्हवर कपडे, तिखट, सौंदर्यप्रसाधनं विकणं हाच मनोरंजनाचा प्रकार झाला आहे. छोट्या दुकानदारांच्या तक्रारींनंतर सरकारने 2023 मध्ये समाजमाध्यमांवर थेट विक्रीला मनाई केली, टिकटॉक शॉप ऑक्टोबरमध्ये बंद पडलं, आणि टोकोपेडिया या स्थानिक कंपनीतला 75 टक्के वाटा घेऊन डिसेंबरमध्ये परत सुरू झालं.

2025 मध्ये रिआऊ प्रांतातल्या 'पाचू जालुर' या लांबलचक होड्यांच्या शर्यतीत नावेच्या टोकावर शांतपणे हातवारे करत नाचणाऱ्या मुलाचा व्हिडिओ जगभर गेला. कित्येक पिढ्या चालत आलेला हा उत्सव बहुतेक जगाने तेव्हा पहिल्यांदा पाहिला.

सरकार यात किती हस्तक्षेप करतं?

बराच. 2008 मध्ये एका इस्लामविरोधी फिल्मवरून यूट्यूब काही दिवस बंद होतं. जानेवारी 2016 मध्ये नेटफ्लिक्स आलं आणि त्याच महिन्यात सरकारी दूरसंचार कंपनीने ते अडवलं, ते सुटलं जुलै 2020 मध्ये. जुलै 2018 मध्ये टिकटॉकही आठवडाभर बंद होतं.

2020 मध्ये दोन वाहिन्यांनी घटना न्यायालयात मागणी केली की इंटरनेटवरच्या व्हिडिओलाही प्रसारण कायदा लावा. तसं झालं असतं तर मोबाइलवरून लाइव्ह जाणाऱ्या साध्या माणसालाही परवान्याची भीती होती. जानेवारी 2021 मध्ये न्यायालयाने ती फेटाळली. 2024 मध्ये कायद्याच्या नव्या मसुद्यात पुन्हा तोच सूर लागला, पत्रकार रस्त्यावर उतरले. लोक काय बोलले यावरून तुरुंगही आहे: 2023 मध्ये 'बिस्मिल्ला' म्हणून डुकराचं मांस खाल्ल्याच्या व्हिडिओबद्दल एका महिलेला पालेम्बांगच्या न्यायालयाने दोन वर्षांची शिक्षा दिली.

याची वाईट बाजू?

2020 मध्ये बांडुंगमध्ये काही तरुणांनी रमजानच्या दिवसांत तृतीयपंथी महिलांना मदतीचे खोके म्हणून कचरा दिला, त्याचं चित्रीकरण केलं. संताप उसळला, अटक झाली. 2023 च्या सुरुवातीला वयस्कर बायका थंडगार चिखलपाण्यात बसून लाइव्हवर 'गिफ्ट' मागताना दिसल्या. समाजकल्याण मंत्र्यांना त्याविरुद्ध परिपत्रक काढावं लागलं. गरिबीचं असं प्रदर्शन मांडणाऱ्यांना आणि त्यातून वाटा घेणाऱ्या कंपन्यांना मी एकाच पातळीवर ठेवू शकत नाही. कंपन्यांची जबाबदारी कितीतरी जास्त आहे.

भाषा येत नाही, तरी बघता येईल?

'तिलिक'पासून सुरू करा, मग दिदी केम्पोत ऐका. आणि कान उघडे ठेवा: इंडोनेशियन भाषेत 'सुआमी' म्हणजे नवरा, 'इस्त्री' म्हणजे बायको, 'दुका' म्हणजे दुःख, 'बाहागिया' म्हणजे सुखी. 'चिंता' म्हणजे प्रेम. 'सेंगसारा', म्हणजे आपला संसार, तिथे हालअपेष्टा या अर्थाने वापरतात. आवाजाला 'सुआरा' म्हणतात, स्वर.